उत्तर: सोलापूरच्या सायकलस्वाराला माँ व्हाँतू झेपेल का?

वर कुणी म्हटलंय की तुळजापूरचा घाट न थांबता चढता आला की फ्रान्समधला माँ व्हाँतू हा डोंगरही जमेल. थोडं थांबा. बेदुआँ गावातून तो चढ सुमारे २१ किमी आहे, माथा १९०० मीटरच्या वर. पहिले पाच-सहा किमी अगदी सौम्य, इथेच माणूस चेव येऊन दम घालवतो. सेंट एस्तेव्हच्या वळणानंतर जंगलात नऊ-दहा टक्क्यांचा चढ लागतो आणि माथ्याआधी सहा किमीवरच्या शाले रेनार या थांब्यापर्यंत उसंत मिळत नाही. आपला घाट अंगात येईस्तोवर संपतो! एका फेरीत तोच चार-पाचदा चढा.

उन्हाचं सोलापूरकराला काय सांगायचं? तरी १९६७ च्या टूर द फ्रान्स शर्यतीत ब्रिटिश सायकलपटू टॉम सिम्पसन याच चढावर मरण पावला. उष्म्यासोबत उत्तेजकं आणि दारूही होती, हे लोक सोयीनं विसरतात.

खरा वैरी वारा. शेवटचे सहा किमी नुसते पांढरे चुनखडीचे दगड, आडोसा नाही. २०१६ ला वाऱ्यामुळे टूरची शेवटची रेषा शाले रेनारला खाली आणावी लागली. सरावाला आषाढात मोहोळकडे निघा, पश्चिमेचा वारा तोंडावर घ्या. मागच्या चाकाला ३४ दातांपर्यंतची कॅसेट (गिअरच्या चक्रांचा संच) लावा म्हणजे चढाला हलका गिअर मिळतो, लाजू नका. उतरताना घालायला विंडचीटर खिशात हवंच.