यासिकेविचुस यांची कारकीर्द मुलांना कशी समजावून सांगावी?

प्रश्न : रेसकोर्स रोड, इंदूर

नमस्कार मंडळी. मी इंदुरात रेसकोर्स रोडवरच्या बास्केटबॉल कॉम्प्लेक्सात संध्याकाळी सोळा-सतरा वर्षांच्या मुलामुलींचा सराव घेतो. या मुलांचे बास्केटबॉल म्हणजे मोबाइलवर दिसणाऱ्या एनबीएच्या (अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगच्या) तुकड्या-तुकड्यांच्या चित्रफिती, त्यामुळे उंच उडी, डंक आणि लांबून मारलेला थ्री-पॉइंटर यांपलीकडे या खेळात डोक्याचे काम किती असते, हे त्यांच्या गळी उतरवणे जड जाते. मे २०२५ मध्ये अबू धाबीत तुर्कस्तानच्या फेनरबाचे क्लबने मोनाकोला ८१-७० असे हरवून युरोलीग, म्हणजे युरोपातल्या क्लबांची सर्वोच्च स्पर्धा, जिंकली, तेव्हा त्या संघाचे प्रशिक्षक, लिथुआनियाचे शारूनास यासिकेविचुस यांच्याविषयी मी त्यांना सांगायला घेतले. खेळाडू म्हणून चार युरोलीग विजेतेपदे, तीही तीन वेगवेगळ्या क्लबांकडून, आणि आता प्रशिक्षक म्हणून आणखी एक, असा हा माणूस आहे.

माझ्या संघातली एक चुणचुणीत मुलगी लगेच म्हणाली, "सर, मग एनबीएत त्यांचे काय झाले?" ते तिथे दोनच मोसम होते, आधी इंडियानाकडे आणि मग गोल्डन स्टेटकडे, असे मी सांगताच सगळ्यांनी मिळून निकाल देऊन टाकला की ते मोठे खेळाडू नसावेत. हा निकाल मला अन्यायाचा वाटतो, पण नुसते "तसे नाही" म्हणून मुले ऐकणार नाहीत. जाणकारांनी दोन गोष्टींवर लिहावे अशी विनंती आहे. एनबीएतल्या त्या दोन वर्षांचा अर्थ कसा लावावा? आणि उत्तम खेळाडू हा उत्तम प्रशिक्षक होतोच असे नसताना यांना ते कशामुळे साधले?

उत्तर : जुना गार्ड, ग्वाल्हेर

सर, मुलांना एनबीएपासून सुरुवात करून देऊ नका, कौनासपासून करून द्या. यासिकेविचुस यांचा जन्म १९७६ चा, लिथुआनियातल्या कौनास शहरातला, आणि त्यांच्या आई स्वतः हँडबॉलपटू होत्या. तीस लाखांच्याही आत लोकवस्ती असलेल्या या देशात बास्केटबॉलचे वेड कुठल्या थराचे आहे ते एवढ्यावरून कळेल, की १९८८ च्या ऑलिंपिकमध्ये सुवर्ण जिंकणाऱ्या सोव्हिएत संघात साबोनिस, मार्चुलोनिस, खोमिचुस आणि कुर्तिनाइतिस असे चार लिथुआनियन होते, आणि देश स्वतंत्र झाल्यावर १९९२ च्या बार्सिलोना ऑलिंपिकमध्ये त्यांनी आपल्या नावाने कांस्यपदक मिळवले. त्या वेळी यासिकेविचुस सोळा वर्षांचे, म्हणजे नेमके तुमच्या मुलांच्या वयाचे होते.

पुढे ते अमेरिकेत मेरीलँड विद्यापीठाकडून चार वर्षे खेळले, पण तिथे त्यांच्याकडे बहुतेक काळ नेमबाज गार्डचे काम होते, चेंडू हातात घेऊन खेळ चालवण्याचे नव्हे. १९९८ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनबीएचे संघ नवे खेळाडू निवडतात तेव्हा, त्यांना कुणीही निवडले नाही. ते मायदेशी परतून लिएतुवोस रितासकडे आणि तिथून ल्युब्लियानाच्या ओलिम्पियाकडे गेले, आणि पॉइंट गार्ड, म्हणजे संघाचा खेळ चालवणारा गार्ड, म्हणून त्यांचा खेळ खऱ्या अर्थाने युरोपातच घडला. माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीची किल्ली इथे आहे.

मुलांना दोन सामने जरूर दाखवा. पहिला सिडनी ऑलिंपिक, २००० चा उपांत्य सामना. अमेरिकेविरुद्ध लिथुआनिया ८५-८३ असा मागे होता, सामना संपत आला होता, चेंडू यासिकेविचुस यांच्याकडे होता, आणि त्यांनी लांबून मारलेला थ्री-पॉइंटर रिंगपर्यंत पोहोचला नाही. त्या सामन्यात त्यांनी २७ गुण केले होते. दुसरा सामना अथेन्सचा, २००४ चा. समोर पुन्हा अमेरिका, पुन्हा शेवटची मिनिटे अटीतटीची, आणि या वेळी त्यांनी लागोपाठ थ्री-पॉइंटर टाकून सामना फिरवला. लिथुआनिया ९४-९० असा जिंकला आणि त्यांचे गुण होते २८. सिडनीचा तो चेंडू अपुरा पडल्यानंतर चार वर्षांनी तशाच क्षणी तसाच फटका मारायला हात आखडला नाही, हे मुलांनी डोळ्यांनी पाहावे.

राहता राहिला एनबीएचा प्रश्न. २००५ मध्ये ते इंडियानाला गेले तेव्हा एकोणतीस वर्षांचे होते आणि त्यांच्या नावावर तीन युरोलीग होत्या. तिथे ते मुख्यतः बेंचवरून येणारे गार्ड राहिले. एनबीएत एकास एक अशी मोकळी जागा जास्त मिळते आणि समोरचे गार्ड विलक्षण चपळ असतात. यासिकेविचुस बचावात पायाने जलद कधीच नव्हते, हे मान्य करायला हवे. त्यांचे बळ होते सहकाऱ्याच्या स्क्रीनचा (बचाव करणाऱ्याच्या वाटेत उभे राहून केलेल्या अडसराचा) आधार घेऊन बचाव करणाऱ्या दोघांना क्षणभर गोंधळात टाकण्यात, आणि त्यासाठी चेंडू आणि मिनिटे दोन्ही हातात लागतात. जानेवारी २००७ मध्ये आठ खेळाडूंच्या अदलाबदलीत ते गोल्डन स्टेटला गेले आणि त्याच वर्षी ग्रीसच्या पानाथिनाइकोस क्लबमार्फत युरोपात परतले. दोन वर्षांनी, २००९ मध्ये, बर्लिनला त्यांनी चौथी युरोलीग जिंकली. तेव्हा "एनबीएत चालले नाहीत" हे विधान खरे आहे, पण त्यावरून त्यांचे मोजमाप होत नाही.

उत्तर : लोकमान्य नगर, इंदूर

ग्वाल्हेरच्या दादांनी पहिल्या प्रश्नाचे उत्तर इतके नीट दिले आहे की मी दुसऱ्यावरच लिहिते. मी स्वतः महाविद्यालयीन काळात गार्ड म्हणून खेळले असल्यामुळे हा विषय मला जवळचा वाटतो.

ते कोणाच्या हाताखाली खेळले ते पाहा. बार्सिलोनाच्या २००३ च्या विजयात प्रशिक्षक होते स्वेतिस्लाव पेशिच, मकाबी तेल अवीवच्या २००४ आणि २००५ च्या विजेतेपदांत पिनी गेर्शोन, आणि पानाथिनाइकोसमध्ये झेल्को ओब्रादोविच. तिघांच्या पद्धती अगदी वेगळ्या. मकाबीने २००४ च्या अंतिम सामन्यात बोलोन्याला ११८-७४ असे चिरडले तो खेळ धावता आणि मोकळा होता, तर पाच वर्षांनी ओब्रादोविच यांच्या पानाथिनाइकोसने मॉस्कोच्या सीएसकेएला हरवले ते ७३-७१ असे, एकेका चेंडूसाठी झगडून. संघाचा खेळ चालवणाऱ्या गार्डला प्रशिक्षकाचा प्रत्येक डाव पाचही जणांच्या जागेवरून समजून घ्यावा लागतो, आणि असे शिक्षण इतक्या वेगवेगळ्या गुरूंकडून फार थोड्यांना मिळते.

२०१४ मध्ये त्यांनी कौनासच्या झाल्गिरिसमध्ये खेळणे थांबवले, तिथेच ते सहायक प्रशिक्षक झाले आणि जानेवारी २०१६ पासून मुख्य प्रशिक्षक. माझ्या दृष्टीने त्यांचे सर्वांत मोठे काम फेनरबाचेचे नसून २०१८ च्या झाल्गिरिसचे आहे. युरोलीगमधल्या श्रीमंत क्लबांच्या तुलनेत थोड्या पैशांत उभा केलेला तो संघ प्लेऑफमध्ये ओलिम्पियाकोसला ३-१ असे नमवून बेलग्रेडच्या फायनल फोरमध्ये, म्हणजे शेवटच्या चार संघांच्या फेरीत, गेला आणि तिथे सीएसकेएला हरवून तिसरा आला. केव्हिन पँगोस आणि वासिलिये मिसिच हे गार्ड, ब्रँडन डेव्हिस सेंटर आणि घरचे यांकुनास व उलानोवास, असा तो संघ होता. त्यातले मिसिच पुढे तुर्कस्तानच्या अनादोलू एफेस क्लबला गेले, आणि २०२१ च्या अंतिम सामन्यात एफेसने यासिकेविचुस यांच्याच बार्सिलोनाला ८६-८१ असे हरवले, तेव्हा फायनल फोरचे सर्वोत्तम खेळाडू मिसिचच ठरले.

आणखी एक प्रसंग मुलांना आवर्जून सांगा. २०१७ मध्ये लिथुआनियन लीगच्या उपांत्य फेरीच्या ऐन काळात झाल्गिरिसचे सेंटर आगुस्तो लिमा बाळाच्या जन्मासाठी संघ सोडून गेले. पत्रकाराने त्यावर शंका काढली, तेव्हा यासिकेविचुस यांनी आपणच त्यांना जायची परवानगी दिल्याचे ठामपणे म्हटले, आणि आपल्या मुलाचा जन्म पाहण्यापुढे बास्केटबॉलची काय मातब्बरी, अशा अर्थाचे उत्तर भर पत्रकार परिषदेत दिले.

उत्तर : सुदामा नगर, इंदूर

वरील दोघांशी मी बव्हंशी सहमत आहे, परंतु चित्र एकांगी होऊ नये म्हणून लिहितो. यासिकेविचुस टाइम-आउटमध्ये खेळाडूंवर ज्या आवाजात तुटून पडतात, तो प्रकार सोळा वर्षांच्या मुलांसमोर आदर्श म्हणून ठेवण्यासारखा नाही. मोठमोठ्या करारांवर खेळणारे व्यावसायिक ते सोसतात; आपल्याकडे शाळा आणि शिकवण्या सांभाळून मैदानावर येणारी मुले तशा बोलण्याने खेळच सोडतील. शिवाय बार्सिलोनासारख्या संपन्न क्लबमध्ये तीन वर्षे राहून त्यांनी स्पॅनिश लीग २०२१ आणि २०२३ मध्ये जिंकली, पण युरोलीग तिथे आली नाही, हेही सांगावे. त्यांचा आवाज बाजूला ठेवून त्या टाइम-आउटमधला मजकूर मात्र ऐकवावा, कारण तो नेमका असतो : कोणत्या पायावर उभे राहायचे, स्क्रीन कोणत्या कोनात लावायचा, मदतीला कोणी आणि कधी यायचे.

प्रश्नकर्ता : रेसकोर्स रोड, इंदूर

सर्वांचे मनापासून आभार. अथेन्सच्या सामन्याची शेवटची मिनिटे येत्या रविवारी दाखवीन, आणि चित्रफीत प्रत्येक पिक अँड रोलला (सहकारी स्क्रीन लावून मग रिंगकडे वळतो त्या डावाला) थांबवून मुलांनाच विचारीन की आता पास कुणाला जाईल. सुदामा नगरच्या काकांची सूचना रास्त आहे, ती मी स्वतःलाही लावून घेईन. ताई, एक विनंती : आपण गार्ड होता, तर रविवारी तासभर कॉम्प्लेक्सात येऊन स्क्रीनवरून वळताना नजर कुठे ठेवायची ते मुलींना प्रत्यक्ष करून दाखवू शकाल का?

उत्तर : लोकमान्य नगर, इंदूर

अवश्य येईन. सराव किती वाजता सुरू होतो ते कळवा, आणि मुलींपैकी जी सर्वांत कमी बोलते तिला गार्डच्या जागी उभी करा. या जागेवर ओरडून सूचना देता आल्याच पाहिजेत, आणि पहिला सराव त्याचाच घेऊ.