सातेरी मधमाश्यांच्या पेट्या अचानक चिडक्या झाल्यात, काय करू?

सड्यावरचा:
कुडाळजवळ आमची काजूची बाग आहे. गेल्या डिसेंबरात सातेरीच्या दोन पेट्या आणल्या. माश्या इतक्या गरीब, की मे महिन्यापर्यंत मी तोंडावर जाळी न घेता पोळ्याच्या चौकटी उचलायचो. श्रावण लागला आणि सगळंच फिरलं. पेटीपासून पंधरा पावलांवर उभं राहिलं तरी एकदोघी कपाळावर येऊन आपटतात. परवा दुपारी उघडीप मिळाली म्हणून पहिलीचं झाकण काढलं. एक माशी बोटाखाली चिरडली, मनगटाला डंख बसला आणि पाठोपाठ त्याच जागी आणखी सात. तेव्हा पिकल्या केळ्याचा वास आला, खरंच! जवळपास केळ नाही. वहिनी कपडे काढायला गेली, तिलाही चावल्या. आई म्हणते, पेट्या देऊन टाक. उपाशी असतील म्हणावं तर रोज सकाळी दोन्ही पेट्यांच्या मध्ये ताटलीत साखरेचा पाक ठेवतो.

रानमेवा_११:
जात बिघडली. राणी बदला.

पेटीवाले काका:
राणीच्या मागे लागायची घाई नको. ताटलीपर्यंत वाचलं आणि मला उत्तर मिळालं.

पावसात फुलोरा नाही. अशा दिवसांत उघड्यावर पाक ठेवला की आसपासच्या झाडांच्या ढोलीतल्या सगळ्या माश्यांना आवतण जातं. ताटली संपली की त्या तुमच्या पेटीत घुसतात. उद्या दाराशी दहा मिनिटं बसा. घरची माशी सरळ आत जाते. चोर माशी दारासमोर डावी-उजवीकडे हेलकावे घेत फट शोधते. दारापुढच्या फळीवर दोघी एकमेकींना धरून लोळताना दिसल्या तर लूट चालू आहे. दिवसभर चोरांशी झुंजलेल्या पहारेकरणी तुमच्या वहिनींना कशा ओळखतील?

मी पहिल्या वर्षी पेटीच्या झाकणावर पाक सांडला होता. पुसायचा आळस केला. संध्याकाळी पेटीखाली मेलेल्या माश्यांचा सडा होता आणि आत मधावरची मेणाची झाकणं फाडून तळाला भुसा पडला होता. महाबळेश्वराकडची हवा, त्यात आठवडाभर धुकं. ती वसाहत पेटी सोडून गेली ती गेलीच.

केळ्याचा वास तुम्ही बरोबर पकडलात. डंखापाशी आयसोअमाईल अ‍ॅसिटेट नावाचं द्रव्य सुटतं, त्याचा वास तसाच असतो. ती बाकीच्यांना हाक असते, म्हणून सात जणी त्याच जागी आल्या. धूर त्या वासावर पांघरूण घालतो. डंख कातडीत राहतो आणि विषाची पिशवी आत विष ढकलत राहते. तेव्हा नखाने लगेच खरवडून काढा आणि जागा पाण्याने धुवा.

आता ताटली उचला. दार एका वेळी दोन माश्या जातील एवढंच ठेवा. पाक अंधार पडल्यावर, पेटीच्या आत, रात्रीत संपेल इतकाच. साखर-पाणी सारखं. एक विचारतो, बागेत ग्रास कटर चालवला का?

गडवेडा:
काका, गडावरच्या आग्यांचंही हेच का? आमच्या गटात एकाने कड्याखाली शेकोटी केली आणि अख्खं मोहोळ खाली आलं. अर्धा डोंगर उतरेपर्यंत सोडलं नाही.

पेटीवाले काका:
आग्याला ढोली नाही, पोळं उघड्यावर लटकतं. त्यावर जो माश्यांचा पडदा दिसतो तोच त्यांचा भिंत-दरवाजा. पेटीत धूर सांभाळून देतात. शेकोटीचा लोट पोळ्यावर गेला की सगळा पडदाच सुटतो. मधुबाज पक्षी पोळ्यावर आला तरी तेच, आणि तेव्हा खालून जाणारा माणूस फुकट मार खातो. डोकं झाकून पळत राहायचं. पाण्यात उडी मारू नका, वर येईस्तोवर त्या घिरट्या घालत असतात. कुणाला श्वास लागला, अंगभर गांधी उठल्या, तर चुना-हळद करत बसू नका. थेट दवाखाना.

सड्यावरचा:
कटर चालवला! झाकण काढलं त्याच दिवशी सकाळी भावाने पेट्यांच्या पायापर्यंत बेणणी केली.

पेटीवाले काका:
मग त्या थरथरीने सकाळपासूनच भडकल्या असणार. तिथलं गवत कोयत्याने कापा. रात्री पाक ठेवण्यापलीकडे आठवडाभर पेटी उघडू नका. मग ऊन पडलेल्या सकाळी उघडून पोळ्यातल्या मेणाच्या घरांच्या तळाशी एकेकच अंडं उभं दिसतंय का बघा. दिसलं तर राणी तीन दिवसांपूर्वीपर्यंत तरी नक्की होती.

सड्यावरचा:
नऊ दिवसांनी लिहितोय. पहिली पेटी शांत झाली. काल वहिनी तिच्याजवळून दोनदा गेली, एकही माशी आली नाही. घरात एकेकच अंडं आहे. दुसरी अजून गुरगुरते. तिच्यात एकेका घरात दोन-दोन, तीन-तीन अंडी आहेत, काही तर भिंतीला चिकटलेली. जास्त अंडी म्हणजे चांगलंच ना?

पेटीवाले काका:
नाही हो. ती राणीची नव्हेत, कामकरी माश्यांनी घातलीत, त्यातून नुसते नर निघतील. दुसरीत राणी बऱ्याच दिवसांपासून नाही. रानमेवा, तुमचं अर्धं खरं निघालं. चौकटीचा फोटो टाका, पहिलीत माश्या किती चौकटींवर आहेत तेही सांगा. मग ठरवू.