मदत हवी आहे: जेकब लॉरेन्सची चित्रं मुलांना दाखवायची आहेत

आमच्या वाचनालयात आठवी-नववीच्या मुलांना अमेरिकन कृष्णवर्णीय चित्रकार जेकब लॉरेन्सची १९४०-४१ मधली चित्रमालिका दाखवायची आहे. अमेरिकेच्या दक्षिणेतून उत्तरेकडे गेलेल्या कृष्णवर्णीयांची कथा, ६० चित्रांत. पहिल्यात स्टेशनवरची झुंबड, दारांवर शिकागो, न्यूयॉर्क, सेंट लुईस. ते मुलांना लगेच कळेल. अडतंय ते १५व्या चित्रापाशी: निष्पर्ण फांदी, रिकामा फास, खाली अंग मुडपून बसलेलं एकच माणूस. जमावाने केलेल्या हत्येचं चित्र, आणि मृतदेह कुठेच नाही! ते गाळायला मन धजत नाही. ते नसेल तर माणसं घरदार सोडून का निघाली, हे मुलांना कसं कळणार? या वयाच्या मुलांशी अशा विषयावर कोणी बोललंय का? सुरुवात कुठून केलीत? या स्थलांतरावर मराठीत काही वाचण्यासारखं असेल तर तेही नक्की सांगा.