मदत हवी आहे : ओव्हनशिवाय ट्युनिशियन ताजिन, मधला भाग ओलाच राहतो

ट्युनिशियातले ताजिन, म्हणजे भाज्या आणि चीज घालून भाजलेले, वड्या पाडता येतील असे जाड ऑम्लेट (मोरोक्कोचा त्याच नावाचा रस्सा नव्हे), मला ओव्हनशिवाय करायचे आहे. सहा अंडी, एक उकडलेला बटाटा, एक ढोबळी मिरची, एक कांदा, मूठभर पालक, किसलेले चीज आणि चमचाभर हरिसा (तिकडची लाल मिरचीची तिखट चटणी) असे प्रमाण घेते. धणे, लाल मिरची, लसूण आणि कॅरावेऐवजी शहाजिरे कुटून ताबिल मसाला घरीच करते. चवीबद्दल तक्रार नाही.

अडचण पाण्याची आहे. जाड बुडाच्या नॉनस्टिक पॅनमध्ये झाकण ठेवून मंद आचेवर शिजवले की कडा सुटतात, तळाला छान रंग येतो, पण मध्यभागी सुरी घातल्यावर पाणी वर येते आणि वडी मोडते. पालक परतून घट्ट पिळून पाहिला, भाज्या पूर्ण गार करून मगच अंड्यांत मिसळल्या, पॅनखाली लोखंडी तवाही ठेवला. त्याने करपणे थांबले, पाणी नाही. ताटलीवर उलटवावे तर एवढा जाड थर फाटतोच. मायक्रोवेव्ह साधा आहे, कन्व्हेक्शनचा नाही. बेसन घालायचे नाही, कारण मग त्याचा पोळाच होतो. ब्रेडचा चुरा चालेल, तो तिकडेही घालतात.

तर सहा अंड्यांना चुरा किती घ्यावा, आणि ढोबळी मिरची आधी भाजून, सोलून, निथळून घेतल्याने खरोखर फरक पडतो का, की हे पाणी मुळात झाकणावरून गळणाऱ्या वाफेचेच आहे?