तपेल्याला दुधाची आंघोळ?

गावचा नास्तिक: वाचनालयाच्या हस्तलिखितात नववीतल्या मुलीची कथा आलीय, आणि परवापासून सगळ्यांचं "वा, काय कल्पना!" चाललंय. म्हणून बोलतोच. दोन चंद्रांचा देश. ढग माझ्या हुकमात आहेत म्हणत राजा ढगपट्टी वसूल करतो. एक म्हातारी चाळीस वर्षं अंगणात तपेलं ठेवून पाऊस मोजते, वहीत मांडते आणि दाखवून देते की पट्टी भरा नाहीतर बुडवा, पाऊस पडायचा तेवढाच पडतो. इथवर झकास. पण ती गेल्यावर दरवर्षी उत्सव! तपेल्याला दुधाची आंघोळ, पालखी, डफडं. जिनं राजाचं देवपण उतरवलं, तिलाच मखरात बसवलं! दोन चंद्र सुचतात, पण पालखी काही सुटत नाही.

ग्रंथालयवाली ताई: शेवटचं पान वाचलंत का? पालखीचा मान कुणाला, तर म्हातारीच्या वहीत त्या वर्षी चूक काढून दाखवेल त्याला. चूक निघाली नाही तर पालखीच निघत नाही. कथेत ती सलग तीन वर्षं निघालेली नाही आणि लोक हळहळतात.

गावचा नास्तिक: ते पान वाचलंय. दुधाचं बोला.

ग्रंथालयवाली ताई: पोळ्याच्या आदल्या दिवशी तुम्ही बैलाचे खांदे हळद-लोण्यानं शेकता, तेव्हा बैल देव होतो का? राबला त्याची आठवण असते ती. पोरीनं तेच तपेल्याला लावलं.

मास्तर (निवृत्त): मी नास्तिकरावांच्या बाजूनं. एका शाळेत विज्ञान दिनाला पाहुणा म्हणून गेलो होतो. फळ्यावर 'रामन जयंती'. अहो, जन्म 7 नोव्हेंबर 1888 चा. 28 फेब्रुवारी हा 1928 मधल्या शोधाचा दिवस. हार झाला, नारळ झाला. प्रयोगशाळा पाहू म्हटलं तर कुलूप. किल्ली बाबूंकडे आणि बाबू लग्नाला! उत्सव म्हटला की असंच होतं.

धानपट्टा: तुमच्याकडे हार तरी पडतो, मास्तर. आमच्या नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडेंनी 1983 पासून ओंब्या निवडत एचएमटी धान काढलं. शिक्षण तिसरीपर्यंत. तांदूळ देशभर गेला, नाव मनगटावरच्या घड्याळाचं, आणि माणूस 2018 ला गेला तो हलाखीतच. एखादी पालखी निघाली असती तर काही बिघडत नव्हतं.

कापूसकोंड्या: पालखी अन् दूध सोडा ना बाप्पा, ते पाऊस मोजाचं बोला. कथेतल्या बुढीजवळ तपेलं तरी होतं. आपला पाऊस मोजते महसूल मंडळाचं यंत्र, गावापासून अकरा किलोमीटरवर. आमच्या वावरात पऱ्हाटी आडवी झाली, नाला घरात शिरला, अन् तिकडं आकडा किती? 62! अतिवृष्टीले 65 मि.मी. लागते म्हंते. तीन मिलिमीटरनं पंचनामा गेला. म्या स्वतः आंगनात मोजला, 71 भरला. हापिसात सांगतलं तर सायेब हासला.

मास्तर (निवृत्त): कशात मोजलास?

कापूसकोंड्या: बादलीत. पट्टी उभी लावली, 71.

गावचा नास्तिक: मग हसणारच! बादली वर रुंद, खाली अरुंद. वरच्या तोंडातून आलेलं पाणी तळाशी उंच चढतं. तुझे 71 म्हणजे खरे त्याहून कमीच असतील.

कापूसकोंड्या: म्हंजे मी खोटा? घरात गुडघाभर पानी होतं माह्या! तुमी शहरातल्या क्वार्टरमंदी बसून बादली शिकवू नका.

गावचा नास्तिक: क्वार्टर सोडून सहा वर्षं झाली. माझीही चार एकर तूर त्याच पावसात सडली, पण म्हणून बादली सरळ होत नाही.

धानपट्टा: कोंड्याभाऊचा मुद्दा वेगळा आहे. अकरा किलोमीटरवर वेगळा पाऊस पडू शकतो, की नाही? आमच्याकडे बांधाच्या अलीकडे चिखल, पलीकडे फुफाटा असतो.

गावचा नास्तिक: पडतो. ते कुणी नाकारलं? यंत्र गावोगावी हवं, शंभर टक्के. पण उद्या ते आलं आणि आपण बादली घेऊन भांडायला गेलो, तर साहेब परत हसेल. बादलीतलंही मोजता येतं, फक्त उंची नाही, लिटर मोजायचे. एक चौरस मीटरवर एक लिटर म्हणजे एक मिलिमीटर. तोंड 30 सेंटिमीटर रुंद असेल तर 4.6 लिटरला 65 होतात. कोंड्या, पाणी किती लिटर होतं?

ग्रंथालयवाली ताई: बघा हं, म्हातारीच्या वहीत चूक सापडली बरं का. पोरीनंही तपेलंच घेतलंय, आणि तपेल्याचं तोंड सरळ नसतं. यंदाची पालखी नास्तिकरावांच्या खांद्यावर!

गावचा नास्तिक: उचलतो. दूध नको.

मास्तर (निवृत्त): चहापुरतं ठेवा.

कापूसकोंड्या: हासा तुमी. बादलीचं तोंड आत्ताच मोजलं, बरोब्बर 30 भरलं. पन लिटर कुठून सांगू? पट्टी काढली अन् बादली म्हशीपुढं ठेवली होती. आता हापिसात म्हैस नेऊ का?