गीटा नॉर्बी : 'बाबेट्स गेस्टेबूड'मधला निवेदनाचा आवाज, आणि पुढे काय बघावं? (मंचावरची चर्चा; प्रत्येक नोंदीवर सदस्याचं टोपणनाव आहे)

पडद्यामागे

'बाबेट्स गेस्टेबूड' (१९८७) या डॅनिश सिनेमात गोष्ट सांगणारा बाईचा आवाज डॅनिश नटी गीटा नॉर्बी यांचा आहे, पण पडद्यावर त्या कुठेच नाहीत. त्यांच्या कामांची यादी काढली तर ती शंभराच्या पुढे जाते. साठच्या दशकातले हलकेफुलके विनोदी सिनेमे, टीव्ही मालिका, स्वीडिश सिनेमे, शिवाय दिग्दर्शक लार्स फॉन ट्रीअरची हॉस्पिटलातली भुताटकी. हे सगळं एकाच बाईंनी केलंय?

जाणकारांना तीन गोष्टी विचारायच्या आहेत.

१. पाच-सहाच कामं बघायची असतील तर कोणती आणि कुठल्या क्रमाने?
२. डॅनिश अजिबात येत नाही. मग आवाजाचं काम जोखायचं कसं?
३. मुलांच्या सिनेमांना डॅनिशमध्ये आवाज कोणी दिले, हे शोधायला गेलं की हाती काहीच लागत नाही. ते कुठे नोंदलेलं असतं?

उत्तरवारा

पहिल्या प्रश्नापासून सुरुवात करतो. काळानुसार जाऊ नका, नाहीतर पहिल्याच टप्प्यावर कंटाळून सोडून द्याल.

थोडी पार्श्वभूमी. नॉर्बीबाई १९३५ मध्ये कोपनहेगनला जन्मल्या. वडील आयनार नॉर्बी ऑपेरा गायक होते. बाईंचं शिक्षण रॉयल थिएटरच्या अभिनयशाळेत झालं आणि १९५६ पासून त्या सिनेमात दिसू लागल्या. शेवटच्या बाकापर्यंत शब्द पोचवायचा, पण ओरडायचं नाही, ही त्या रंगभूमीची शिस्त. ती त्यांच्या बोलण्यात शेवटपर्यंत टिकली आहे. त्यामुळे आजच्या डॅनिश मालिकांमधले तरुण नट जी अक्षरं गिळतात ती त्यांच्याकडे बरीचशी ऐकू येतात. भाषा न येणाऱ्याला ही मोठीच सोय.

माझा क्रम असा.

आधी 'डान्सेन मे रेगिट्से' (१९८९, दिग्दर्शक कास्पर रोस्ट्रूप). बागेत उन्हाळ्यातली मेजवानी चाललेली आहे, नवरा कार्ल ओगे बाजूला बसून बायकोकडे बघतोय आणि सगळा संसार त्याच्या डोळ्यांपुढून जातोय. नवरा झालेत फ्रिट्स हेल्मुथ आणि तरुणपणीचा नवरा त्यांचाच मुलगा मिकाएल. रेगिट्से ही मोठ्याने बोलणारी, भांडणारी, घर धरून ठेवणारी बाई. 'बाबेट'मधल्या शांत निवेदनानंतर लगेच हा सिनेमा लावा. दोन्हींत फक्त दोन वर्षांचं अंतर आहे, पण एकच गळा वाटणार नाही. ऑस्करच्या परभाषा विभागात याला नामांकन होतं. त्याच विभागात 'बाबेट'ला १९८८ मध्ये पुरस्कार मिळाला होता.

मग 'मातादोर' (१९७८ ते १९८२). डेन्मार्कच्या सरकारी वाहिनीची ही मालिका २४ भागांची आहे. कल्पना लीसे नॉरगोर यांची, दिग्दर्शन एरिक बालिंग यांचं. कोर्सबेक नावाचं काल्पनिक गाव आणि १९२९ ते १९४७ हा काळ. नॉर्बीबाई इंगेबोर्ग झाल्या आहेत. एकटीने मुलगी वाढवणारी ही बाई गावात नव्याने कापडदुकान काढणाऱ्या मॅड्स स्केर्नशी लग्न करते. सगळे भाग बघायला सवड नसेल तर पहिले चार सलग बघा आणि मग शेवटचे दोन. पण मधला नात्यांचा गुंता सुटणार नाही, त्यामुळे पात्रांची यादी शेजारी ठेवा. सुटे भाग मधूनच उचलून बघणारे इथेच फसतात. कोण कुणाचा मेहुणा हे कळलं नाही तर अर्धे विनोद वाया जातात.

त्यानंतर 'हामसून', मग 'रिगेट' (फॉन ट्रीअरची ती हॉस्पिटलातली भुताटकीची मालिका) आणि शेवटी 'स्टिले येर्टे' (२०१४). साठच्या दशकातले विनोदी सिनेमे वगळले तरी चालतील.

खाडीपलीकडे

उत्तरवारा यांच्या क्रमाशी सहमत, शेवटचं वाक्य सोडून. त्यावर खाली लिहिते. आधी दुसरा प्रश्न, कारण या बाईंची खरी गंमत त्यातच आहे. त्यांच्या कारकिर्दीत समोरचा नट एका भाषेत आणि त्या दुसऱ्या भाषेत, असं पुन्हा पुन्हा घडतं. सबटायटल एकाच भाषेतलं असल्यामुळे परक्या प्रेक्षकाला त्याचा पत्ताच लागत नाही.

'हामसून' (१९९६, दिग्दर्शक यान ट्रोएल) घ्या. कथा नॉर्वेची. १९२० चं नोबेल मिळालेला आणि पुढे नाझींच्या बाजूला गेलेला लेखक क्नूट हामसून, आणि त्याची बायको मारी. माक्स फॉन सीडो हामसूनचे संवाद स्वीडिशमध्ये बोलतात, नॉर्बीबाई मारीचे संवाद डॅनिशमध्ये, आणि भोवतालचे नॉर्वेजियन नट नॉर्वेजियनमध्ये. कोणीही दुसऱ्याची भाषा उसनी घेत नाही. या तीन भाषा बोलणाऱ्यांना एकमेकांचं बरंचसं समजतं, म्हणून हे जमलं. दोघांना आपापल्या मातृभाषेत भांडता येतं आणि भांडणाला धार येते. हामसूनचे कान गेलेले, त्यामुळे मारीला वाक्यं ठासून, कधी चढ्या आवाजात बोलावी लागतात. खरी मारीसुद्धा आधी नटी होती आणि युद्धकाळात जर्मनीत वाचनाचे दौरे करत होती, म्हणजे आवाजावर जगणारीच बाई. या भूमिकेसाठी नॉर्बीबाईंना स्वीडनचा गुल्डबागे पुरस्कार मिळाला.

'रिगेट'मध्येही तेच. त्यांची डॉ. रिगमोर डॅनिश बोलते आणि तिचा प्रियकर डॉ. हेल्मर स्वीडिश. हेल्मरला सगळ्या डॅनिश लोकांचा तिटकारा आहे आणि अर्धा विनोद त्याच्या त्या भाषेतच आहे. 'नॉयले हूस स्पायल' (२०१५) मध्ये वृद्धाश्रमात भेटणारा माणूस आहे स्वेन वोल्टर, म्हणजे पुन्हा स्वीडिश नट.

उलट उदाहरण हवं असेल तर बिले आउगुस्ट यांचा 'डेन गोडा विल्यान' (१९९२). पटकथा इंगमार बर्गमन यांची, कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार. इथे नॉर्बीबाई स्वीडिश घरातली आई आहेत आणि त्यांचा नवरा फॉन सीडोच. चार वर्षांनी 'हामसून'मध्ये हेच दोघं पुन्हा नवरा-बायको झाले, पण दोन भाषांत. हे दोन सिनेमे पाठोपाठ बघण्यासारखे आहेत.

आता भाषा ओळखायची कशी? व्याकरणाच्या फंदात पडू नका, दोनच शब्द पकडा. 'मी' म्हणताना 'याय' ऐकू आलं तर डॅनिश, 'या' ऐकू आलं तर स्वीडिश. 'नाही'साठी 'इगे'च्या जवळचं काही आलं तर डॅनिश, 'इन्ते' आलं तर स्वीडिश. दर मिनिटाला यातलं एखादं येतंच. नॉर्वेजियनमध्ये मात्र 'मी'साठी 'याय'च्या जवळचंच काही आणि 'नाही'साठी 'इके' असल्यामुळे 'हामसून'मध्ये या खुणा घोटाळा करू शकतात. तिथे चाल ऐका. स्वीडिश आणि नॉर्वेजियन वाक्याला वरखाली हेलकावा असतो. डॅनिश सपाट चालतं आणि मधेच घशात क्षणभर अडखळतं. त्या अडखळण्याला 'स्टोड' म्हणतात. तो दोष नव्हे, उच्चाराचा भागच आहे. नट दमला किंवा अडखळला असा समज करून घेऊ नका.

आता विनोदी सिनेमांबद्दल. 'बारोनेसेन फ्रा बेन्सिनटांकेन' (१९६०, दिग्दर्शक आनेलिसे रेनबेर्ग) वगळू नका. पेट्रोलपंपावरची मुलगी सरदार घराण्यातली निघते आणि तिला उच्चभ्रू रीत शिकवली जाते, एवढीच गोष्ट. पण बोलण्याची ढब बदलणं हाच तिथला सगळा अभिनय आहे. पंचविशीतल्या नटीने तो बिनधास्त केलाय. डिर्क पासर आणि ओवे स्प्रॉगो हे त्या काळचे हुकमी विनोदी नट जोडीला आहेत. असा एक सिनेमा पुरे, दुसऱ्याची गरज नाही. या बाबतीत उत्तरवारांशी अर्धी सहमत.

ध्वनिपेटी

तिसऱ्या प्रश्नाबद्दल. डेन्मार्कमध्ये मोठ्यांचे परदेशी सिनेमे डब करत नाहीत, सबटायटलवर दाखवतात. डबिंग होतं ते मुलांच्या सिनेमांचं, आणि ही प्रथा जुनी आहे. डिस्नेची 'स्नो व्हाइट' १९३८ मध्येच डॅनिश बोलत होती. मुलं अजून वाचू शकत नाहीत, एवढंच त्यामागचं कारण. आवाज देणारे बहुतेक जण रंगभूमीवरचे आणि सिनेमातले नावाजलेले नटच असतात.

शोधताना घोटाळा होतो तो चार कारणांनी.

एक, डॅनिश आवाजांची नावं मूळ श्रेयनामावलीत नसतात, डॅनिश प्रतीच्या शेवटी वेगळी जोडलेली असतात. आंतरराष्ट्रीय याद्या मूळ प्रतीवरून बनतात म्हणून ती गळतात. डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटची राष्ट्रीय चित्रपटसूची आधी बघा. डबिंगसाठी 'डान्स्के फिल्मस्टेमर' नावाचं डॅनिश संकेतस्थळ आहे, ते याच कामाला वाहिलेलं आहे.

दोन, जुन्या सिनेमाचं डबिंग पुन्हा झालेलं असू शकतं. मग एकाच सिनेमाच्या दोन डॅनिश नटसंचांची नावं सापडतात आणि दोन्ही बरोबर असतात. नावापुढे प्रतीचं साल असल्याशिवाय नोंद उतरवू नका.

तीन, नॉर्बी या नावात तिरकी रेघ मारलेला ओ आहे. काही याद्या तो साध्या ओने लिहितात, काही ओ आणि ई जोडून. तिन्ही प्रकारे शोधा. डॅनिश वर्णमालेत हे अक्षर झेडच्याही नंतर येतं. त्यामुळे अकारविल्हे यादीत ते नाव तुम्ही बघत असाल त्या जागी नसेलच, 'एन'च्या अगदी शेवटी असेल.

चार, श्रेणीचे शब्द. 'फोर्टेलर' म्हणजे कथेतला निवेदक, 'बाबेट'मध्ये नॉर्बीबाई तेच आहेत. 'स्टेमे' म्हणजे एखाद्या पात्राला दिलेला आवाज. माहितीपटावरच्या निवेदनाला डॅनिश लोक 'स्पीक' म्हणतात. 'डान्स्क टाले' असं पाकिटावर असलं तर सिनेमा डॅनिशमध्ये डब केलेला आहे. ही तिन्ही कामं एकाच रकान्यात टाकली की कारकीर्द आहे त्यापेक्षा विस्कळीत दिसते.

पडद्यामागे

तिघांचेही आभार. 'बाबेट' आता पुन्हा बघणार आहे. आवाज नीट ऐकण्यासाठी काही तांत्रिक काळजी घ्यावी लागते का? दोन ठिकाणी आवाज थोडा वेगळा वाटला.

ध्वनिपेटी

वेगळा वाटला असेल तर कान बरोबर आहेत. सिनेमा सेकंदाला २४ चौकटींवर (फ्रेमवर) चित्रित होतो. युरोपीय डीव्हीडीवर तो बहुधा २५ चौकटींनी चालवला जातो, म्हणजे सुमारे ४ टक्के जलद. आवाजाची पट्टी मुद्दाम दुरुस्त केलेली नसेल तर ती अर्ध्या स्वरापेक्षा थोडी कमी चढते. बाईंचा आवाज तरुण आणि घाईचा वाटतो. लांबी तपासली की कळतं : १०० मिनिटांचा सिनेमा ९६ मिनिटांत संपत असेल तर प्रत जलद आहे. ब्लू-रे सहसा २४ वर असते, मिळाली तर ती घ्या. टीव्हीसाठी २५ चौकटींवर चित्रित केलेल्या मालिकांना हा प्रश्न येत नाही.

भाषेचा ट्रॅक मूळ डॅनिशच निवडा. इंग्रजीत डब केलेल्या प्रतीत निवेदकही बदलतो आणि नॉर्बीबाई पार गायब होतात. टीव्हीवर 'संवाद स्पष्ट करा' छापाची सोय चालू असेल तर बंद करा. ती हळू बोललेलं वर उचलते आणि मोठ्याने बोललेलं दाबते. मग निवेदनातला चढउतार सपाट होतो.

खाडीपलीकडे

यात भर घालते. निवेदन मुख्यतः पूर्वार्धात आहे : दोघी बहिणींचं तरुणपण, स्वीडिश लेफ्टनंट, फ्रेंच गायक, १८७१ मध्ये पॅरिसहून पळून आलेली बाबेट. एकदा सबटायटलसकट बघा, मग तेवढाच भाग चित्राकडे न बघता ऐका. वाक्याच्या शेवटी आवाज खाली येतो की अधांतरी राहतो, माणसाचं नाव घेण्याआधी किती थांबतात, आणि विनोदाच्या जागी स्वर बदलतो का, एवढंच टिपा. माझ्या मते विनोदाच्या जागी त्या काहीच करत नाहीत, आणि म्हणूनच तो लागतो. मेजवानी सुरू झाली की निवेदन मागे सरतं. तिथे ताटांचे, काट्या-चमच्यांचे आवाज आणि जेवणाऱ्यांची कुजबुजच ऐकायची.

उत्तरवारा

प्रतींबद्दल माझ्याकडूनही दोन सूचना. 'डेन गोडा विल्यान' दोन रूपांत आहे : टीव्हीची चार भागांची मालिका आणि सुमारे तीन तासांचा सिनेमा. मालिका मिळाली तर तीच बघा, सिनेमात आई-वडिलांच्या वाट्याचं बरंच कापलं गेलंय. 'रिगेट'चे पहिले चार भाग १९९४ चे, पुढचे चार १९९७ चे आणि शेवटचे पाच २०२२ चे. सुरुवात १९९४ पासूनच करा. इंग्रजी नावाने शोधलंत तर २००४ ची १३ भागांची अमेरिकन मालिका समोर येते. ती त्याच कल्पनेवरची असली तरी नट पूर्ण वेगळे आहेत. 'स्टिले येर्टे'चाही २०१९ मध्ये इंग्रजी अवतार आला. त्यात आईच्या भूमिकेत सुझन सरँडन आहेत, तेव्हा पाकिटावरची नावं वाचून घ्या.

पेट्रोलपंपवाल्या सिनेमाबद्दल खाडीपलीकडे यांचं म्हणणं मान्य. यादीत सहावा म्हणून घाला, 'स्टिले येर्टे'च्या लगेच आधी. मधे ५४ वर्षं आहेत.