चौथीतल्या मुलीला नाण्यांची गणितं समजावायची आहेत, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, मी अमळनेरची. मुलगी चौथीत आहे. बेरीज-वजाबाकी चांगली येते, पण नाण्यांच्या शाब्दिक उदाहरणात अडते.

पहिलं उदाहरण होतं: २ आणि ५ रुपयांची मिळून २० नाणी, एकूण ६४ रुपये. इथे क्ष न घेता खरी नाणी मांडली. सगळी दोनाची धरली तर ४० रुपये, २४ कमी पडतात. एक दोनाचं नाणं उचलून पाचाचं ठेवलं की ३ वाढतात, म्हणजे ८ वेळा बदलायचं. पाचाची ८, दोनाची १२. हे तिला हाताने करताना पटलं, फार बरं वाटलं.

पण पुढचं बघा. दोनाची नाणी पाचाच्या नाण्यांपेक्षा ४ ने जास्त, एकूण ५० रुपये. ती थेट ५० मधून ४ वजा करते! ती ४ नाणी आहेत, त्यांचे ८ रुपये होतात, मग उरलेल्या ४२ मध्ये सात-सातच्या ६ जोड्या, हे मी सांगितलं की मान डोलावते आणि पुढच्या गणितात तीच चूक. आम्ही घरी अहिराणी बोलतो. ‘कितला नाणा’ आणि ‘कितला रुपया’ असं वेगळं विचारलं तर बरोबर सांगते, वहीत मात्र गल्लत होते.

शिक्षक मंडळींनो, नाण्यांची संख्या आणि त्यांची किंमत वेगळी ठेवायला तुम्ही मुलांना वहीत कसं मांडायला लावता? तक्ता की चित्र? २५ पैशांची उदाहरणं नकोत, ते नाणं २०११ मध्येच बंद झालं, तिने पाहिलेलंही नाही.